ग्रीक सोफिस्ट आणि वाणीचे मोल

परमताचे यथार्थ ज्ञान झाल्यावाचून स्वमताचे मंडन पक्के होत नाही, हा शास्त्राध्ययनाचा जुना दंडक आहे. म्हणूनच भाष्यकार प्रथम पूर्वपक्ष मांडतो, तो पूर्वपक्ष्याला स्वतःलाही मान्य व्हावा अशा रीतीने मांडतो आणि मग उत्तरपक्षाकडे वळतो. पूर्वपक्ष मुद्दाम दुबळा करून मांडला तर त्याचे खंडन सोपे होते खरे. परंतु त्या खंडनाने काहीच सिद्ध होत नाही. प्राचीन ग्रीसमधील सोफिस्ट नावाच्या आचार्यांचा विचार करताना हा दंडक विशेषच ध्यानी ठेवावा लागतो. कारण सुमारे चोवीसशे वर्षे जगाने त्यांना ओळखले ते बहुतांशी त्यांच्या प्रतिपक्ष्यांच्या तोंडून. शब्दच्छल करणारा, खोट्याचे खरे करून दाखविणारा, अशा निंदाव्यंजक अर्थानेच त्यांचे नाव युरोपीय भाषांत रूढ झाले. हे लोक कोण होते, ते काय शिकवीत, त्यांच्यावरील आक्षेपांत तथ्य किती आणि त्यांच्या विद्येत उणीव कोणती राहिली, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

नामाचा मूळ अर्थ

ग्रीक भाषेत 'सोफिया' म्हणजे शहाणपण, ज्ञान अथवा एखाद्या कलेतील नैपुण्य. ज्याच्या ठायी ते आहे तो 'सोफिस्टेस'. आरंभी या शब्दाला निंदेचा स्पर्शही नव्हता. इतिहासकार हिरोडोटसने अथेन्सचा स्मृतिकार सोलन आणि तत्त्वज्ञ पायथॅगोरस या दोघांनाही याच शब्दाने संबोधिले आहे. पुढे इ. स. पू. पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात हा शब्द एका विशिष्ट वर्गाला लागू झाला. नगरोनगरी संचार करून, ठरलेले द्रव्य घेऊन, तरुणांना वक्तृत्व आणि व्यवहारनीती शिकविणारे व्यावसायिक आचार्य, असा त्याचा अर्थ झाला.

येथे एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. सोफिस्ट हा संप्रदाय नव्हता. त्यांना एक गुरू नव्हता, एक शास्त्र नव्हते, एक आम्नाय नव्हता. त्यांच्यापैकी अनेकांची मते परस्परविरुद्ध होती. तरी काही गोष्टी बहुतेकांत समान दिसतात. त्यांतील प्रमुख आचार्य अथेन्सबाहेरून आलेले होते. वाणीचे सामर्थ्य हा त्यांच्या अध्यापनाचा गाभा होता. परंपरेने चालत आलेल्या समजुती तपासून पाहण्यास ते कचरत नसत. आणि पुरुषाची योग्यता केवळ कुळावरून ठरत नसून ती शिक्षणाने संपादन करता येते, असे त्यांच्यापैकी पुष्कळांचे म्हणणे होते. हा शेवटचा विचार त्या काळच्या कुलीनांना रुचणारा नव्हता. योग्यता शिकता येते असे म्हटले की जन्मसिद्ध श्रेष्ठत्वाचा आधारच ढासळतो.

देशकालाची पार्श्वभूमी

विद्येचा उदय गरजेतून होतो. इ. स. पू. ४९० मध्ये मॅरेथॉन येथे आणि इ. स. पू. ४८० मध्ये सॅलमिसच्या सागरी युद्धात ग्रीकांनी इराणी आक्रमण परतविले. त्यानंतर अथेन्स हे सागरी सत्तेचे आणि संपत्तीचे केंद्र बनले. क्लाइस्थेनिसने इ. स. पू. ५०८–५०७ च्या सुमारास लोकशाहीचा पाया घातला होता. पुढे एफिआल्टिस आणि पेरिक्लिस यांच्या काळात ती विस्तारली. युद्ध करावे की तह, कर कोणावर बसवावा, सेनापती कोण असावा, या सर्व गोष्टी नागरिकांच्या सभेत भाषणे होऊन हात वर करून ठरत. अर्थात स्त्रिया, दास आणि परकीय रहिवासी यांना तेथे स्थान नव्हते. तरी जे नागरिक होते त्यांच्यापुरते बोलणे हेच सत्तेचे साधन बनले.

न्यायसभेतही तोच प्रकार होता. दरवर्षी सहा हजार नागरिकांची न्यायपंच म्हणून नोंद होई. लहानसहान खाजगी वादासाठी दोनशे एक, तर सार्वजनिक स्वरूपाच्या खटल्यासाठी पाचशे एक किंवा त्याहून अधिक पंच बसत. वकील नावाचा वर्ग नव्हता. वादीने आणि प्रतिवादीने आपले म्हणणे स्वतःच मांडावे, घटिकापात्रातील पाणी संपेपर्यंत बोलावे आणि मग पंचांनी आपसांत विचारविनिमय न करता मत द्यावे, अशी रीत होती. ज्याला बोलता येत नाही त्याचे घर, मान आणि प्रसंगी प्राणही धोक्यात येत. पैसे घेऊन दुसऱ्यासाठी भाषण लिहून देणारे लेखक पुढे निर्माण झाले ते यामुळेच.

वक्तृत्वशास्त्राचा आरंभ सिसिली बेटात झाला, असे ग्रीक परंपरा मानते. तेथील सिराक्यूज नगरात इ. स. पू. ४६६ च्या सुमारास एकतंत्री सत्ता उलथली आणि बळकावलेल्या जमिनींविषयी असंख्य दावे उभे राहिले. त्या वेळी कोरॅक्स आणि टिसियस यांनी संभाव्यतेवर आधारलेल्या युक्तिवादाची पद्धत बसविली, असे सांगतात. दुबळ्या माणसावर मारहाणीचा आरोप आला तर त्याने म्हणावे, 'माझ्यासारखा अशक्त मनुष्य असे करील हे संभवत नाही.' बलवानावर तोच आरोप आला तर त्याने म्हणावे, 'संशय प्रथम माझ्यावरच येणार हे मला ठाऊक असताना मी असे करीन हे संभवत नाही.' एकाच युक्तीची ही दोन टोके पाहिली की या विद्येचे सामर्थ्य आणि तिच्यातील भय दोन्ही एकदमच लक्षात येतात.

प्रमुख आचार्य आणि त्यांची मते

सोफिस्टांत अग्रगण्य प्रोटॅगोरस. अब्डेरा नगरचा हा आचार्य इ. स. पू. ४९० ते ४२० च्या सुमारास होऊन गेला. पेरिक्लिसशी त्याचा स्नेह होता. दक्षिण इटलीत इ. स. पू. ४४४ च्या सुमारास वसविलेल्या थुरी या नव्या वसाहतीसाठी त्याने कायदे रचले, अशी परंपरा आहे. त्याचे सर्वांत प्रसिद्ध मत असे, की मनुष्य हाच सर्व पदार्थांचे परिमाण होय. जे आहे त्याच्या असण्याचे आणि जे नाही त्याच्या नसण्याचेही. वारा एकाला थंड लागतो, दुसऱ्याला लागत नाही. मग तो मूळचा थंड की नाही, हा प्रश्नच निरर्थक होय. ज्याला जसा भासला त्याच्यापुरता तो तसाच.

देवांविषयीही त्याने आपली भूमिका ग्रंथाच्या आरंभीच सांगून टाकली होती. देव आहेत की नाहीत, असल्यास त्यांचे रूप काय, हे आपल्याला जाणता येत नाही. विषय दुर्बोध आहे आणि मनुष्याचे आयुष्य अल्प आहे, असा तिचा आशय. जीवाच्या ज्ञानसाधनांना परमेश्वरस्वरूप आकळत नाही, हे ब्रह्मविद्येच्या अभ्यासकालाही मान्यच आहे. भेद पुढे आहे. जीवाची गती जेथे खुंटते तेथे प्रोटॅगोरसने विचारही थांबविला. ब्रह्मविद्येत मात्र खरा प्रश्न तेथूनच सुरू होतो. जे जीवाला स्वसामर्थ्याने मिळत नाही ते परमेश्वराच्या कृपेने मिळते, हा तिचा सिद्धान्त आहे. म्हणून प्रोटॅगोरसचे म्हणणे उद्दामपणाचे म्हणता येत नाही. ते अपुरे आहे, इतकेच.

दुसरा महत्त्वाचा आचार्य गॉर्जियस. सिसिलीतील लिओन्टिनी नगराने त्याला इ. स. पू. ४२७ मध्ये आपला वकील म्हणून अथेन्सला पाठविले आणि त्याच्या भाषणाने अथेन्सवासी थक्क झाले. समतोल वाक्यखंड, विरोधी पदांची जुळणी, वाक्यान्ती सारख्या ध्वनींची योजना, या अलंकारांनी त्याने गद्याला पद्याचे आकर्षण आणले. तो शंभराहून अधिक वर्षे जगला असे म्हणतात. काहीच अस्तित्वात नाही. असले तरी ते कळू शकत नाही. कळले तरी ते दुसऱ्याला सांगता येत नाही, अशी तीन पायऱ्यांची मांडणी त्याने एका ग्रंथात केली. हे त्याचे मनापासूनचे मत होते की तत्कालीन तत्त्वज्ञांच्या तर्काचे विडंबन, याविषयी विद्वानांत आजही मतभेद आहेत.

हेलेन या राणीच्या समर्थनार्थ त्याने रचलेले भाषण सुदैवाने संपूर्ण उपलब्ध आहे. पतीचे घर सोडून ट्रॉय नगरास गेल्यामुळे हेलेनला सारे ग्रीक दोष देत. गॉर्जियस म्हणतो, ती गेली ती देवांच्या इच्छेने, बलात्काराने, वाणीच्या मोहाने किंवा प्रेमाने. या चारांपैकी कारण कोणतेही असो, दोष तिच्याकडे येत नाही. औषधाचा जो परिणाम शरीरावर होतो तोच शब्दांचा परिणाम मनावर होतो. काही शब्द दुःख देतात, काही धीर देतात, काही मनाला जणू विष चारतात, असे तो तेथे प्रतिपादन करतो. आणि एवढे सांगून झाल्यावर अखेरीस हे भाषण आपल्यासाठी एक खेळ होता, असे म्हणून तो मोकळा होतो. सोफिस्टांची प्रतिभा आणि त्यांची उणीव या एका शेवटात एकत्र दिसतात.

किऑस बेटाचा प्रॉडिकस हा शब्दार्थाच्या सूक्ष्म भेदांसाठी प्रसिद्ध होता. समानार्थी वाटणाऱ्या पदांत खरोखर अंतर कोठे आहे, हे तो काटेकोरपणे दाखवी. त्याचे एक व्याख्यान पन्नास द्राख्म्यांचे होते आणि एक एका द्राख्म्याचे. आपल्याला एका द्राख्म्याचेच परवडले, असे सॉक्रेटिस थट्टेने म्हणतो, ही गोष्ट प्लेटोने नमूद केली आहे. त्या शतकाच्या अखेरीस अथेन्समधील कुशल कारागिराला दिवसाला सुमारे एक द्राख्मा मिळे, हे ध्यानात घेतले म्हणजे या व्याख्यानांचे मोल समजते. याच प्रॉडिकसने हेराक्लिसची एक बोधकथा रचली होती. तारुण्याच्या उंबरठ्यावर त्या वीराला दोन स्त्रिया भेटतात. एक सुखाची सोपी वाट दाखविते, दुसरी सद्गुणाची कष्टाची. हेराक्लिस दुसरीचे ऐकतो. झेनोफनने ही कथा जतन करून ठेवली आहे. सर्वच सोफिस्ट नीतीचे शत्रू होते, या समजुतीला ही एक कथाही पुरेसे उत्तर देते.

एलिसचा हिप्पियस हा सर्वविद्याविशारद म्हणून मिरवी. गणित, ज्योतिष, संगीत, इतिहास, सर्वांत त्याची गती होती. एकदा तो ऑलिम्पियाच्या उत्सवास गेला तेव्हा त्याच्या अंगावरील अंगठीपासून पादत्राणांपर्यंत प्रत्येक वस्तू त्याने स्वहस्ते केलेली होती, असे सांगतात. पन्नास नावे एकदा ऐकून तो क्रमाने परत म्हणून दाखवी. थ्रॅसिमॅकस हा कॅल्सिडॉनचा. न्याय म्हणजे बलवानाचे हित, हे कठोर मत प्लेटोने आपल्या 'रिपब्लिक' ग्रंथाच्या पहिल्या प्रकरणात त्याच्या मुखी घातले आहे.

निसर्ग आणि नियम

सोफिस्टांनी उपस्थित केलेला सर्वांत खोल प्रश्न 'फिसिस' आणि 'नोमोस' यांचा, म्हणजे निसर्ग आणि मनुष्यकृत नियम यांचा. अग्नी ग्रीसमध्ये जाळतो तसाच इराणातही जाळतो. परंतु विवाहाच्या, प्रेतसंस्काराच्या, न्यायाच्या रीती देशोदेशी भिन्न. मग त्यांतील स्वाभाविक कोणती आणि माणसांनी ठरविलेली कोणती?

या प्रश्नातून दोन परस्परविरुद्ध वाटा फुटल्या. नियम जर मनुष्यकृतच असतील तर बलवानाने ते का पाळावेत, असे काहींनी विचारले. इतरांनी त्याच तत्त्वातून मनुष्यमात्राच्या समानतेचा निष्कर्ष काढला. ग्रीक असो वा परदेशी, सारे तोंडानाकानेच श्वास घेतात. निसर्गतः सर्व सारखेच घडलेले आहेत, असे अँटिफॉनने लिहिले. गॉर्जियसचा शिष्य अल्सिडॅमस याने तर देवाने सर्वांना मुक्त सोडले असून निसर्गाने कोणालाही दास केलेले नाही, असे सांगितले. ज्या समाजाचे सारे व्यवहार दासांच्या श्रमावर चालत, त्या समाजात हा उच्चार होणे ही लहान गोष्ट नव्हे. पुढे ॲरिस्टॉटलसारख्या थोर तत्त्वज्ञाने काही माणसे स्वभावतःच दास असतात असे प्रतिपादन केले. या एका मुद्द्यावर तरी निंदित सोफिस्ट हा वंदित तत्त्वज्ञाच्या पुढे होता, हे प्रांजळपणे मान्य केले पाहिजे.

दोन प्रमुख आक्षेप

सोफिस्टांवर पहिला आक्षेप द्रव्याचा. ते विद्या विकतात, असे त्यांचे टीकाकार म्हणत. कॅलियस नावाच्या धनिकाने इतर सर्वांनी मिळून दिले नसेल इतके द्रव्य सोफिस्टांना दिले, अशी त्याची ख्याती होती. प्रोटॅगोरसने मात्र एक सवलत ठेवली होती. मागितलेली रक्कम शिष्याला अधिक वाटली तर त्याने देवळात जाऊन शपथपूर्वक शिक्षणाची किंमत सांगावी आणि तेवढीच द्यावी. निर्वाहासाठी मोबदला घेणे हे स्वतः पाप नव्हे. परंतु सॉक्रेटिसचे म्हणणे झेनोफनने सांगितले आहे ते मार्मिक आहे. जो द्रव्य घेतो त्याला द्रव्य देणाऱ्याशी बोलणे भाग पडते. जो घेत नाही तो ज्याच्याशी इच्छा असेल त्याच्याशी बोलण्यास स्वतंत्र राहतो. दोष नाण्यात नाही, नाण्यापायी गेलेल्या स्वातंत्र्यात आहे.

प्रोटॅगोरस आणि त्याचा शिष्य युॲथलस यांची एक कथा उत्तरकालीन ग्रंथकार सांगतात. पहिला खटला जिंकल्यावर उरलेली फी द्यावी, असा करार होता. शिष्याने खटलाच हाती घेतला नाही. तेव्हा गुरूने त्याच्यावर दावा केला आणि म्हणाला, 'मी जिंकलो तर निकालाप्रमाणे तू देशील. तू जिंकलास तर कराराप्रमाणे देशील.' शिष्य उत्तरला, 'मी जिंकलो तर निकालाप्रमाणे देणे लागत नाही. हरलो तर कराराप्रमाणे लागत नाही.' न्यायसभेला निर्णय देता आला नाही. कथा घडली असो वा कल्पित असो, तिचा आशय खरा आहे. जी विद्या केवळ जिंकण्यासाठी दिली, ती अखेर देणाऱ्यावरच उलटते.

दुसरा आक्षेप दुर्बल पक्ष प्रबल करून दाखविण्याचा. प्रत्येक विषयावर परस्परविरुद्ध दोन बाजू मांडता येतात, असे प्रोटॅगोरस शिकवी. इ. स. पू. ४०० च्या सुमाराच्या एका अनामिक ग्रंथात या पद्धतीचे नमुने आढळतात. आजार रोग्याला वाईट, वैद्याला चांगला. मरण मरणाऱ्याला वाईट, प्रेतसाहित्य विकणाऱ्याला चांगले. वस्तूची दुसरी बाजू पाहण्याची सवय म्हणून हे शिक्षण हितकारकच आहे. घात होतो तो दोन्ही बाजू मांडता येतात म्हणून दोन्ही सारख्याच खऱ्या, असे मानल्याने.

भारतीय न्यायशास्त्राने हा भेद फार स्पष्ट केला आहे. गौतमाच्या न्यायसूत्रांत कथेचे तीन प्रकार सांगितले आहेत. तत्त्व जाणण्यासाठी होणारी चर्चा तो वाद. जयासाठी छल, जाती आणि निग्रहस्थाने यांचाही आश्रय करून होणारी चर्चा तो जल्प. आणि स्वतःचा पक्ष न स्थापिता केवळ परपक्षाचे खंडन ती वितंडा. पेरलेल्या बीजाच्या अंकुराभोवती काटेरी कुंपण घालावे तसा जल्प-वितंडांचा उपयोग तत्त्वरक्षणापुरता करावा, असेही तेथे सांगितले आहे. सोफिस्टांच्या विद्येचे स्थान या दृष्टान्ताने चांगले ठरविता येते. कुंपण त्यांनी उत्तम घातले. पण आत बीज कोणते, हे विचारण्याची निकड त्यांच्यापैकी अनेकांना वाटली नाही.

सॉक्रेटिस आणि सोफिस्ट

इ. स. पू. ४२३ मध्ये ॲरिस्टोफेनिसचे 'मेघ' हे प्रहसन अथेन्समध्ये झाले. कर्जबाजारी झालेला एक वृद्ध ऋणकोंच्या युक्त्या शिकण्यासाठी एका विचारशाळेत जातो. स्वतःला जमत नाही म्हणून मुलाला पाठवितो. मुलगा शिकून येतो, बापालाच मारतो आणि ते योग्य कसे हेही सिद्ध करून दाखवितो. संतापलेला बाप शाळेला आग लावतो. या प्रहसनातील सोफिस्ट आचार्य म्हणजे दुसरा कोणी नसून सॉक्रेटिस होय. ज्याने कधी फी घेतली नाही, ज्याने आपल्याला ज्ञान नाही असेच आयुष्यभर सांगितले, त्याला जनसामान्यांनी सोफिस्टच मानले. इ. स. पू. ३९९ मध्ये त्याला देहान्ताची शिक्षा झाली. आपल्या बचावात त्याने या जुन्या प्रहसनजन्य अपवादाचा स्पष्ट उल्लेख केल्याचे प्लेटोने लिहिले आहे. त्याच्या मृत्यूनंतर अर्ध्या शतकानेही, इ. स. पू. ३४५ मध्ये, एस्किनिस या वक्त्याने भर न्यायसभेत त्याचा निर्देश 'सोफिस्ट सॉक्रेटिस' असाच केला. नावाने घात कसा होतो, याचे याहून स्पष्ट उदाहरण इतिहासात क्वचितच मिळेल.

मग भेद कोठे होता? प्लेटोच्या 'प्रोटॅगोरस' या संवादात त्याचे उत्तर आहे. हिप्पोक्रेटिस नावाचा तरुण पहाटे उजाडण्यापूर्वीच सॉक्रेटिसचे दार ठोठावतो. प्रोटॅगोरस नगरात आला आहे, त्याचा शिष्य होण्यासाठी तो उतावीळ झाला आहे. सॉक्रेटिस त्याला विचारतो, की आपला जीव ज्याच्या स्वाधीन करावयास निघालास तो नेमके काय देतो, हे तुला ठाऊक आहे काय? बाजारातून धान्य घेतले तर ते भांड्यात घालून घरी नेता येते, जाणत्याला दाखविता येते, मग खावे की न खावे ते ठरविता येते. विद्येचे तसे नाही. ती कोणत्याही भांड्यात मावत नाही. ती घेतली की थेट अंतःकरणातच उतरते, आणि हित किंवा अहित करूनच जाते. गुरू करण्यापूर्वी प्रत्येक जिज्ञासूने विचारावयाचा हा प्रश्न आहे, मग देश ग्रीस असो वा अन्य कोणता.

प्लेटो आणि ॲरिस्टॉटल यांचा निर्णय

प्लेटोने 'गॉर्जियस' संवादात वक्तृत्वाची तुलना पाककौशल्याशी केली. वैद्य हिताचे देतो, आचारी रुचीचे देतो. लहान मुलांच्या सभेत दोघांचा खटला चालला तर वैद्य हरेल. तत्पूर्वी त्याच संवादात गॉर्जियसने अभिमानाने सांगितलेले असते, की आपला भाऊ वैद्य असूनही रोग्याला औषध घेण्यास राजी करू शकत नाही, तेव्हा आपण केवळ वाणीने ते साधतो. यातील मेख अशी, की औषध कोणते द्यावे हे भावाला ठाऊक असते. तो भाऊ नसेल तर ती वाणी रोग्याला काय पाजील, याचा भरवसा नाही.

प्रोटॅगोरसच्या परिमाणवादावरही प्लेटोने मर्मभेदी आक्षेप घेतला. प्रत्येकाला वाटते ते त्याच्यापुरते खरे, असे असेल तर प्रोटॅगोरसचे मत खोटे आहे असे ज्यांना वाटते त्यांचे म्हणणेही खरे ठरते. आपल्याकडील परिभाषेत हा वदतोव्याघात होय. परंतु प्लेटोचे मोठेपण असे, की त्याने खंडनाबरोबर प्रोटॅगोरसच्या वतीने समर्थनही लिहिले. वैद्य औषधाने शरीराची वाईट अवस्था पालटतो तसा ज्ञाता वाणीने मनाची अवस्था पालटतो. त्यामुळे सर्व मते सारखीच खरी असली तरी सारखीच हितकर नसतात, असा त्या समर्थनाचा रोख आहे. पूर्वपक्ष असा मांडावा.

ॲरिस्टॉटलने प्रश्नाची शास्त्रीय वाटणी केली. खोट्या युक्तिवादांचे तेरा प्रकार त्याने एका स्वतंत्र ग्रंथात वर्णिले. सहा भाषेमुळे होणारे, सात अन्य कारणांनी होणारे. न्यायसूत्रांतील पाच हेत्वाभास, तीन छल आणि चोवीस जाती यांच्याशी हा विषय तुलनेने अभ्यासण्याजोगा आहे. वक्तृत्वाचा मात्र त्याने त्याग केला नाही. वक्त्याचे शील, श्रोत्यांच्या भावना आणि युक्तिवाद, ही पटवून देण्याची तीन साधने त्याने सांगितली. सोफिस्ट ठरतो तो सामर्थ्यामुळे नव्हे, हेतूमुळे, असा त्याचा निर्णय आहे. शस्त्र तेच, ते उचलणारा हात कशासाठी उचलतो, हे पाहावयाचे.

प्रकरणावाचून सूत्र

आता आरंभीच्या प्रश्नाकडे वळावयास हरकत नाही. प्रोटॅगोरसचे ग्रंथ नष्ट झाले. उरली ती मोजकी वाक्ये, तीही इतरांच्या ग्रंथांतून. मनुष्य परिमाण आहे, यातील 'मनुष्य' म्हणजे एकेक व्यक्ती की मनुष्यजात, हेही निश्चितपणे सांगता येत नाही. महानुभाव अभ्यासकाला या अडचणीचे गांभीर्य वेगळे सांगावयास नको. सूत्र कोणत्या प्रसंगी, कोणाला उद्देशून निरूपिले, हे कळल्यावाचून त्याचा अर्थ लावू नये, म्हणून आपल्या पूर्वाचार्यांनी 'प्रकरणवश' सिद्ध केला. म्हाइंभटांनी प्रत्यक्ष पाहिलेल्या-ऐकलेल्यांकडून लीळा मिळविल्या. प्रोटॅगोरसला असा म्हाइंभट लाभला नाही. त्याची सूत्रे राहिली, प्रकरण हरपले, आणि रिकाम्या जागी प्रतिपक्ष्याने आपले प्रकरण भरले.

एकोणिसाव्या शतकात जर्मन तत्त्वज्ञ हेगेल आणि इंग्रज इतिहासकार जॉर्ज ग्रोट यांनी सोफिस्टांचा पुनर्विचार केला. विसाव्या शतकात इजिप्तमधील ऑक्सिरिंकस येथील पपायरसांचे तुकडे वाचले गेले तेव्हा अँटिफॉनचे समानतेविषयीचे विचार जगापुढे आले. मूळ शब्द हाती आले की शतकांचा अपवाद कसा विरतो, हे यावरून दिसते. सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत जतन झालेले महानुभावांचे ग्रंथ विसाव्या शतकाच्या आरंभी पंथाबाहेरील विद्वानांना वाचता येऊ लागले, त्यापूर्वी पंथाविषयी किती विपरीत समज प्रसृत होते, हे वाचक जाणतातच. ज्यांनी स्वतः हे सोसले त्यांनी दुसऱ्याचा न्याय करताना ते विसरू नये.

उपसंहार

सोफिस्टांनी व्याकरण, वक्तृत्व, नीतिविचार आणि समाजविचार यांना चालना दिली. सॉक्रेटिस आणि प्लेटो ज्या प्रश्नांना उत्तरे देतात ते प्रश्न पुष्कळ अंशी सोफिस्टांनीच उभे केले. त्यांची उणीव एवढीच, की बोलावे कसे हे त्यांनी शिकविले. कशासाठी बोलावे, याचा निर्णय त्यांनी फी देणाऱ्यावर सोपविला.

याउलट सर्वज्ञ श्रीचक्रधर स्वामींनी ब्रह्मविद्या लोकांच्या मराठी भाषेत निरूपिली. शास्त्र संस्कृतात गेले तर साध्याभोळ्या स्त्रियांना ते अंतरेल, म्हणून श्रीनागदेवाचार्यांनी केशिराजांसारख्या पंडितालाही आवरले. येथे श्रोत्याची पात्रता द्रव्याने ठरत नाही. तथापि यावरून भिक्षूने अथवा वासनिकाने निश्चिंत होऊ नये. मोल केवळ नाण्यांतच घेतले जाते असे नाही. सभेने वाहवा करावी, प्रतिवादी निरुत्तर व्हावा, आपले पांडित्य दिसावे, ही इच्छाही एक प्रकारची फीच आहे, आणि तिचा हिशेब बाहेर कोणालाच दिसत नाही. निरूपण करताना, चर्चा करताना, परमताचे खंडन करताना ज्याने त्याने आपल्या मनाला विचारावे, की हा वाद चालला आहे की जल्प? प्रतिपक्ष्याचे म्हणणे त्यालाच मान्य होईल अशा शब्दांत सांगता येत नसेल, तर उत्तर देण्याची वेळ अद्याप आलेली नाही असे समजावे.